ह्यांना दाखवायचे फोटो

अणदूर, २६ फेब्रुवारी १९४५

ही कोरी वही बाबांनी लग्नात दिली होती. आजवर पेटीच्या तळाशी पडून होती. माहेरी अक्कलकोटला पाचवीपर्यंत शिकले, पण सासरी लिहायचं काम कधी पडलं नाही. आज पडलं, कारण बोलायला कुणी नाही आणि पोटात मावत नाही.

परवा बेंबळी गावातल्या लग्नात ह्यांच्या तोंडासमोर फ्लॅशची पूड भडकली. अंधारात फोटो काढायचा तर पत्र्याच्या तबकडीत ती पूड ठेवून पेटवतात, लख्ख उजेड पडतो. ह्यांनी शेकडो वेळा पेटवली असेल. परवा पूड जास्त पडली की वारा फिरला, कुणाला सांगता येत नाही. भुवया जळाल्या, डोळे सुजून बंद झाले.

नवरीच्या वडलांनी गाडीत गादी घालून पाठवलं. गाडीवान बैलांच्या पुढं चालत आला, ह्यांना हिसका बसू नये म्हणून. त्याचं नाव विचारायचं राहून गेलं. देव त्याचं भलं करो.

शुद्धीवर आल्यावर ह्यांनी पहिलं काय विचारावं? "नवरानवरीचा फोटू आला का?"

५ मार्च

थोरले भावजी, सिद्रामप्पा, ह्यांना सोलापूरला डोळ्यांच्या डॉक्टरकडं घेऊन गेले होते. आज आले. डोळ्यांवर पट्टी आहे, सोबत थेंबांची बाटली आहे.

"डॉक्टर काय म्हणाले?" मी विचारलं.

"येळ लागंल म्हणले. वरीसभर बी लागंल."

"पण दिसेल ना?"

"दिसंल की. घाई करून भागायचं न्हाय."

मी तिथंच बसून हात जोडले. वरीस काय, दोन लागू देत.

भावजी मात्र पाणीसुद्धा न घेता मठात जाऊन बसले ते दिवेलागणीलाच परत आले. आल्यावर माझ्याकडं बघेनात. प्रवासानं दमले असतील.

१९ मार्च

लग्नसराई आहे आणि दुकान बंद. अणदूरच्या पेठेत भावजींच्या कापडदुकानाला लागून ह्यांचं पत्र्याचं फोटोचं दुकान आहे. आसपासच्या गावांत दुसरा फोटोवाला नाही. आज पुन्हा एका लग्नघरचं बोलावणं आलं. भावजी म्हणाले, "कॅमेरा इकून टाकू. पुढचं पुढं बघू."

हे म्हणाले, "इकायचा न्हाय. नागम्मा काढंल."

मला वाटलं चेष्टा करतात. आत्याबाई, म्हणजे माझ्या सासूबाई, चुलीपासून उठून आल्या. "बाईमाणूस बाजारात डोक्यावर कॅमेऱ्याचं फडकं घेऊन उभी ऱ्हाणार?"

"फडक्याच्या आत तोंड असतंय, आई. कुणाला दिसायची बी न्हाय ती."

आत्याबाई पुन्हा चुलीकडं वळल्या. त्या न बोलल्या म्हणजे ठरलंच.

८ एप्रिल

तीन आठवडे शिकतेय. कॅमेऱ्यामागच्या काचेवर सगळं उलटं दिसतं. आत्याबाई छताला चिकटल्यासारख्या, म्हैस आभाळात पाय रोवून. पहिल्या दिवशी हसू आवरेना. आता सवय झाली.

भिंगावरची टोपी काढायची, मनात एकदा "ओम नमः शिवाय" म्हणायचं आणि टोपी लावायची. ढग असेल तर दोनदा. फोटो ज्यावर उमटतो त्या माझ्या पहिल्या सगळ्या काचा वाया गेल्या. एक तर नुसती काळी. मी रडत बसले.

हे म्हणाले, "चल अंधाऱ्या खोलीत." तिथं लाल फडकं बांधलेला कंदील असतो, तोही प्लेटा, म्हणजे त्या फोटोच्या काचा, भरताना विझवावा लागतो. मी चाचपडत होते. हे मात्र सरसर हात चालवत होते. प्लेटची मसाला लावलेली बाजू कुठली ते ओठाला लावून सांगतात, ती ओठाला चिकटते. "हितं तू आंधळी आन् म्या डोळस," म्हणाले. मग आम्ही वाटणीच करून टाकली. उजेडातलं काम माझं, अंधारातलं त्यांचं. नजर परत येईपर्यंत अशी वाटणी बरी आहे.

२ मे

दोन लग्नं काढली. दुसऱ्यातला फोटो चांगला आला म्हणतात. आज जेवताना हे म्हणाले, "नागम्मा, मला दिसाय लागंस्तवर हितं काय काय घडंल, ते सगळं माझं हुकणार. ते काढून ठेव. मागनं बघीन."

"कुणाचा फोटो काढू?"

"कुणाचा न्हाय. रोजचं काढ. बाजार, पाणवठा, कामं."

"रोजचं तर रोजच दिसतंय की."

"मला न्हाय दिसत."

मी घास तसाच ठेवला. इतकी मूर्ख कशी मी. उद्यापासून सुरुवात.

२० मे

सुरुवात कसली. ज्याला त्याला फोटो हवा तो खुर्चीवर बसून, नव्या धोतरात, हातात घड्याळ घालून. ते घड्याळही दुकानातलं, बंद पडलेलं. पाणवठ्यावर कॅमेऱ्याची तिपाई मांडली तर बाया घागरी टाकून पळाल्या. एक जण तर म्हणाली, "फाटक्या लुगड्यात फोटू काढून माझी शोभा करतीस व्हय?" चूक तिची नाही.

१ जून

आज चाँदबी मणेरीण आली. टोपल्यात बांगड्या घेऊन घरोघरी जाते, सगळ्यांच्या माजघरापर्यंत तिची वाट. तिला सगळी हकिकत सांगितली. ऐकून घेतलं, हातातल्या बांगड्या टोपल्यात ठेवल्या, मग म्हणाली, "तुझ्या महालिंगप्पाला दावायचा हाय न्हवं? मग माझा काढ. मला काय कुणी बघाय येणार हाय?"

शेजारच्या शरणम्माच्या लेकीला ओसरीवर बसवून तिनं बांगड्या भरल्या. पोरगी लहान हाडाची, पण बांगडी त्याहून लहान. चाँदबी तिचा पंजा दाबत होती. "माय, हसू नगस. हसली की हाड रुंद व्हतंय." मी टोपी काढली आणि लावली.

काच धुतल्यावर वाईट वाटलं. दोघींपैकी एकीचीही नजर कॅमेऱ्याकडं नाही. पोरीचं तोंड वाकडं, चाँदबीची जीभ दातांत. ह्यांना तसंच सांगितलं. हे एकेक विचारत राहिले. कुठला हात, ऊन कुठून येतंय, पोरीचा दुसरा हात कुठं आहे. दुसरा हात चाँदबीच्या गुडघ्यावर होता, घट्ट धरलेला. ते सांगितल्यावर ह्यांचे प्रश्न थांबले.

मग म्हणाले, "त्या फोटूला हात लावू नगस. असाच ऱ्हाऊ दे."

नाराज झाले असतील. पुढच्या खेपेला दोघींना समोर बघायला सांगेन.

१४ जुलै

चाँदबीचे उपकार कसे फेडू? जिथं तिथं मला पुढं घालून नेते. आत जाऊन काय सांगते कोण जाणे, पण नकार देणाऱ्या बायासुद्धा मग दारात येऊन म्हणतात, "काढ बाई." शेंगा फोडणाऱ्या, गोधडी शिवणाऱ्या, न्हाऊन केस वाळवणाऱ्या. परवा पाणवठ्यावरच्या त्याच बाईनं स्वतःहून हाक मारली. फाटका पदरही लपवला नाही तिनं.

दुकानात मुसलमान घरच्या बायाही येतात आता. ह्यांच्यासमोर कुणी मान वर केली नसती. माझ्यासमोर बसल्या की थेट बघतात. भिंगातून त्या माझ्याकडं उलट्या बघतात, तरी मला लाजायला होतं.

ह्यांनी सायकल भावजींच्या मुनिमाला देऊन टाकली. पडून गंजते म्हणाले. मागच्या दारापासून विहिरीपर्यंत सुंभाची दोरीही बांधून घेतली. पावसात पाय घसरतो ना. सोलापूरला पुन्हा दाखवायला जायचं का म्हणून विचारलं तर म्हणाले, डॉक्टरनी बोलवलं की जाऊ.

कधी कधी वाटतं, नीट बसवून विचारावं. पण विचारलं की उत्तर येतं. म्हणून नाही विचारत.

२३ सप्टेंबर

लढाई संपली म्हणतात. रॉकेल काही स्वस्त झालं नाही. पण गावात तेलाच्या इंजिनावरची पिठाची गिरणी आली. सारखं फुक् फुक् वाजतं. पहिल्या दिवशी पोरं तिथंच जेवली. बायांच्या रांगा लागल्यात. पिठाला घासलेटाचा वास येतो अशी कुरकुर करतात आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा पाटी घेऊन जातात.

आत्याबाईंनी इतके महिने मला त्यांचा फोटो काढू दिला नव्हता. आज पहाटे स्वतः उठवायला आल्या. "उठ. उद्यापासनं दळण गिरणीला धाडायचं. आज शेवटचं दळतेय. लेकाला दाव, त्याची आई कशी दळत व्हती ते."

उजाडेपर्यंत थांबवून ठेवलं त्यांना. जातं दारापाशी ओढून घेतलं, उजेडासाठी. त्यांना हलू नका म्हणायची सोय नव्हती. दळताना कोण थांबतं? हात फिरताना धुरकट आला, चेहरा मात्र लख्ख. ओवी म्हणता म्हणता मधेच थांबल्या आणि पदरानं डोळे पुसले. पीठ गेलं असावं.

संध्याकाळी ह्यांना सांगितलं, "हात पुसट आलाय."

"मग दळतीय असं दिसत असंल."

खरंच तसंच दिसतं. मला आधी का नाही सुचलं?

११ डिसेंबर

काल चंपाषष्ठी. खंडोबाच्या देवळाभोवती माणूस माईना. सगळीकडं भंडारा, दुकानाचा पत्राही पिवळा. ह्यांच्या मनात आलं की दुकानापुढं दोरी बांधावी आणि माझे सगळे फोटो चिमट्यांनी टांगावेत. मी म्हटलं, रोजचं बघायला जत्रेत कोण येणार?

माणसं हटेनात. "ही आपली गल्ली. ही शरणम्माची पोरगी. ह्यो आपला बैल." एक म्हातारी मात्र उफणणीच्या फोटोपुढं उभी राहिली.

"ही कोण ग?"

"तुम्हीच की, मावशी."

तिनं जवळ जाऊन बघितलं, लांब जाऊन बघितलं. घरात आरसा नाही म्हणाली. "म्या अशी दिसते व्हय?" मग थोड्या वेळानं, "बरी हाय की."

तो फोटो मी तिला दिला. ह्यांच्यासाठी दुसरा छापेन.

हे दिवसभर दुकानाच्या पायरीवर बसून लोकांचं बोलणं ऐकत होते. रात्री म्हणाले, "इतकी वर्सं म्या फोटू काढले. म्या काढलेल्या फोटूपुढं माणूस असं बोललेलं ऐकलं न्हाय." मला त्यांची काळजी वाटली. स्वतःला कमी लेखू लागलेत. नजर आली की पुन्हा उभारी येईल.

१६ मार्च १९४६



परवा चावडीपुढं लेव्हीची ज्वारी मोजून घेत होते. सरकारचा वाटा, द्यावाच लागतो. मी लांबून एक काच काढली. पोत्यांची थप्पी, मापाडी, आणि एक बाई. तिच्या पोत्याचं तोंड शिपायानं धरलंय आणि तिचाही हात अजून तिथंच आहे. एवढंच.

आज सरकारी महसुलाचे गिरदावर घरी आले. ओसरीवर बसले, चहा घेतला, मग म्हणाले, "महालिंगप्पा, तुमच्या घरच्या बाईनं सरकारी कामाचा फोटो काढला म्हणे. इजाजत कुणाची?"

"हुजूर, शिकाऊ हाय. तिला अजून नीट येत बी न्हाय."

"ती काच आणा."

मी आत गेले. ती काच कुठं आहे ते मला माहीत होतं. ती बाईही डोळ्यांपुढं होती. मी दुसरी घेतली, माझ्या सुरुवातीच्या वाया गेलेल्यांतली. अशा काचांच्या कोपऱ्याला ह्यांनी कानशीनं खाच पाडून ठेवलीय, चुकून वापरात येऊ नयेत म्हणून. ती खाच मी विसरले. ह्यांच्या हातात दिल्यावर आठवली.

ह्यांचा अंगठा कडेवरून फिरला आणि कोपऱ्यावर थांबला.

"हीच का ग?"

"हीच."

ह्यांनी ती पायरीच्या दगडावर आपटली. तुकडे अंगणभर झाले. गिरदावरांनी काठीनं एक तुकडा परतवून पाहिला. नुसती काळी काच, त्यांना काय कळणार. "यापुढं सरकारी कामात नाक नको," म्हणाले आणि गेले.

मी तुकडे वेचायला बसले. हे हसायला लागले. "खोटं बोलताना तुझा आवाज हालला न्हाय. आता तू पक्की झालीस. आता मला दुकानाची काळजी न्हाय."

हे बोलणं मला चमत्कारिक वाटलं. दुकान तर त्यांचंच आहे.

९ एप्रिल

काल सोलापूरला जाऊन आले. भावजी तापानं पडलेत, प्लेटा आणि काचा धुवायचा हायपो संपलेला. चाँदबीला बांगड्यांचा माल आणायचा होता, तिच्यासोबत मोटारीनं गेले. कोळशावर चालणारी मोटार, चढ आला की सगळ्यांनी उतरायचं. जाताना थेंबांची बाटली बरोबर घेतली. कपाटात मागं सरकलेली, बूच वाळून चिकटलेलं. हे थेंब घालत नाहीत वाटतं, नवीन घेऊन यावेत असा विचार केला.

डॉक्टरांनी बाटली हातात घेतली. म्हातारे, शांत गृहस्थ. म्हणाले, "हे तर मागच्या वर्षी दिलं होतं, जळजळ थांबायला. आता काय करायचंय त्याचं?"

"नजर यायला अजून किती दिवस?"

त्यांनी चष्मा काढला. "बाई, तुम्हाला कुणी सांगितलं नाही का? दोन्ही बुबुळं जळाली आहेत. मी त्यांना पहिल्याच दिवशी सांगितलं होतं."

पुढं ते बरंच काही बोलले. चांगलं बोलले असणार.

बाहेर पायरीवर चाँदबी टोपली घेऊन बसली होती. मी तिच्याजवळ बसले. तिनं माझ्याकडं बघितलं आणि तिला कळलं. मलाही कळलं, की तिला आधीपासून ठाऊक आहे.

"चाँदबी, अजून कुणाकुणाला?"

"सगळ्या गावाला, नागम्माबाई. सिद्रामप्पाशेटनी हात जोडले व्हते सगळ्यांना. पोरीला सांगू नगा म्हणले. तिचा हात बसू द्या म्हणले."

"मग त्यांना दाखवायचे म्हणून फोटो काढू दिलेत, ते?"

"त्यानला कुठलं दिसतंय."

"फाटक्या लुगड्यांत?"

"तुझ्यापायी ग," चाँदबी म्हणाली. "आन् कुणापायी?"

मी रस्त्यावरच रडले. रागानं की कशानं, सांगता येत नाही. पाणवठ्यावरची ती बाई, उफणणारी म्हातारी, शरणम्माची लेक. आत्याबाई जात्यावर ओवी म्हणत थांबल्या होत्या. आपला लेक हा फोटो कधीच बघणार नाही हे जाणून त्या माझ्यासमोर बसल्या होत्या. ह्या सगळ्यांनी मला एक वर्ष दिलं आणि कुणी एका शब्दानं मिरवलं नाही.

घरी आले तेव्हा हे ओसरीवर होते. पावलं ओळखली. "प्लेटा मिळाल्या?"

"मिळाल्या. डॉक्टरही भेटले."

 आत आत्याबाईंच्या हातातलं भांडं थांबलं.

"रागावलीस?"

"हो."

"लई?"

"खूप."

हे मान हलवत राहिले. मग म्हणाले, "तवाच सांगितलं असतं तर तू म्हणाली असतीस, कॅमेरा इका, म्या रानात कामाला जाते. आन् म्या तुझं ऐकलं असतं. मग दोघं बी आंधळे झालो असतो."

  राग आहे, तो काही दिवस राहील. पण त्या रागाखाली जे आहे ते रागापेक्षा मोठं आहे. त्याला नाव काय द्यावं? ऋण म्हणावं, तर ते ओझं वाटत नाही.

१४ एप्रिल

अपघातापासून ह्यांनी स्वतःचा फोटो कधी काढू दिला नव्हता. पट्टी कधीच सुटली होती, तरी बाहेरचं माणूस आलं की उपरणं तोंडावर ओढायचे. आज सकाळी मीच म्हटलं, "बाहेर या. उन्हात बसा. तुमचा काढायचाय."

"माझा कशाला? कुणाला दावायचा?"

"मला हवाय."

उठले. पायरीवर बसले, उपरणं खांद्यावर घेतलं, कपाळावर विभूती आहे का ते बोटानं तपासलं. मी फडक्यात शिरले. काचेवर ते उलटे दिसत होते, पाय आभाळात आणि डोकं खाली, म्हैस दिसायची तसेच. पहिल्यांदाच मी त्यांच्याकडं इतका वेळ सरळ बघितलं. भुवया पुन्हा उगवल्यात, एक तुटक. डावं बुबुळ दुधासारखं, उजवं राखेसारखं.

"डोळं मिटून घेऊ का?" ह्यांनी विचारलं. "मिटलेलं बरं दिसत्याल."

"नको," मी म्हटलं. "जसे आहेत तसे."

मी टोपी काढली.

दुपारी अंधाऱ्या खोलीत ती काच ह्यांनीच धुतली, स्वतःचीच, बोटांनी. मी बाहेर थांबले होते. उन्हात कागदावर छापली. "सांग," म्हणाले. मी भुवईपासून सुरुवात केली आणि काही लपवलं नाही. डाव्या डोळ्याचंही सांगितलं. हे ऐकत होते, दुसऱ्या कुणाबद्दल ऐकावं तसे.

"आन् तोंड?"

"हसताय."

"म्या? हसत व्हतो?"

"व्हय," मी म्हटलं. इतक्या वर्षांत मी त्यांच्याशी त्यांच्या गावाच्या बोलीत बोलले ते पहिल्यांदा.

संध्याकाळी तो फोटो दुकानापुढच्या दोरीवर टांगला, आत्याबाईंच्या जात्याशेजारी. पेठेतून जाणारी माणसं थांबत होती.  चाँदबी टोपली उतरवून समोर उभी राहिली, बराच वेळ बघत. मग तिनं ह्यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाली, "महालिंगप्पा, तुजं हुबेहूब काढलंय बघ तिनं."